धुळ्याच्या जुन्या गल्ल्यांतून पायी खाद्यफेरी : गिरणी, बिबडे, भरीत आणि खापरावरचे मांडे

पांझराकाठ

नमस्कार मंडळी, मागच्या रविवारी धुळ्यात एका खाद्यफेरीला गेलो होतो, म्हणजे गाईड बरोबर घेऊन जुन्या पेठेतून चालत चालत खायचं. तेव्हापासून डोक्यातून जात नाहीये म्हणून हा धागा.

आधी थोडं स्वतःबद्दल. मी गल्लीतच वाढलो, बारावीनंतर बाहेर पडलो, आता नाशिकला. बायको रत्नागिरीकडची. लग्नाला चौदा वर्षं झाली पण तिच्या लेखी खान्देश म्हणजे हायवेवरच्या ढाब्याची शेवभाजी, तेलाचा तवंग आणि दुसऱ्या दिवशी पोटाची तक्रार. आई गेल्यापासून घरी मांडे (हातावर मोठ्या केलेल्या पातळ पुरणपोळ्या) झाले नाहीत, कळण्याची भाकरी माझ्याच्याने नीट थापली जात नाही, आणि हॉटेलात यातलं काही मिळत नाही. त्यामुळे तिला तरी दाखवणार काय? म्हणून भावाने जेव्हा सांगितलं की इथलीच दोन पोरं अशी फेरी काढतात तेव्हा लगेच नावं दिली.

आम्ही नऊजण होतो. दुपारी चारला पाच कंदील चौकात जमलो. गाईड म्हणजे एक पंचविशीची मुलगी, तिचं आजोळ याच गल्ल्यांमधलं, आणि सोबत तिचा एक मित्र जो पाण्याच्या बाटल्या, पत्रावळी असं सगळं सांभाळत होता. तिने सुरुवातीलाच एक प्रश्न विचारला की आपल्या गल्ल्यांना नावं नसून नंबर का? मी आयुष्यभर पत्त्यावर ग. नं. लिहीत आलो पण कधी विचारच केला नव्हता. १८१८ ला पेशवाई गेली, खान्देश इंग्रजांकडे आला आणि कॅप्टन ब्रिग्जने १८१९ मध्ये धुळं जिल्ह्याचं ठाणं केलं, मग जुन्या धुळ्याच्या शेजारी सरळ रेषेत पेठ आखली आणि लोकांना घरं बांधायला जागा देऊन वसवलं. म्हणून गल्ल्या अशा फुटपट्टीने आखल्यासारख्या. आणि लोक चहूकडून आले म्हणून एकाच गल्लीत मारवाडी, गुजराती, देशावरचे, तापीकाठचे अशी घरं लागून लागून, आणि प्रत्येक घराचा फोडणीचा वास वेगळा. हे ती एका बोळाच्या तोंडाशी उभी राहून सांगत होती आणि खरंच तिथे एका बाजूने लसूण-मिरचीचा ठसका येत होता आणि दुसरीकडून तुपाचा.

पहिला थांबा हॉटेल नव्हतंच, पिठाची गिरणी होती! बायको माझ्याकडे बघायला लागली. पण तिथे गिरणीवाल्या आप्पांनी कळण्याचं दळण हातात दिलं. ज्वारी आणि अख्खे सालीसकट उडीद, साधारण चार वाट्या ज्वारीला एक वाटी उडीद, त्यातच मीठ टाकून दळायचं. पीठ करडं दिसतं, मधे काळे ठिपके. चिमूटभर जिभेवर ठेवायला दिलं. त्या वासानेच मी तीस वर्षं मागे गेलो, डोक्यावर डबा घेऊन गिरणीत लाईनीत उभा असायचो ते आठवलं. आप्पा म्हणाले दादर ज्वारीचं (आपल्याकडची रब्बीची ज्वारी) दळण असलं की न बघता कळतं, पीठ हाताला गार आणि मऊ लागतं.

दुसरा थांबा एका फरसाणवाल्याकडे. तिथे समजलं की भाजीची शेव वेगळी असते, जाड, कडक, लसूण-तिखट जास्त, म्हणजे रश्श्यात पडल्यावर लगेच लगदा होत नाही. पण तीसुद्धा वाढायच्या आधी दोन मिनिटंच टाकायची. ढाब्यावर आधीच टाकून ठेवतात म्हणून ती पिठल्यासारखी होते. बायकोला हे पटलं आणि तिने अर्धा किलो शेव घेतली.

मग एका ओट्यावर बिबडे. निखाऱ्यावर भाजून, वर कच्चं शेंगदाण्याचं तेल आणि तिखट. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, ज्वारी तीनेक दिवस भिजवून, कांडून, तिचा लसूण-मिरची-तीळ घालून घाटा शिजवतात आणि ओल्या फडक्यावर पाण्याच्या हाताने थापून उन्हात वाळवतात. उन्हाळ्यात पहाटेपासून गच्चीवर हेच चालायचं आणि आम्ही पोरं थापायच्या आधीच गरम घाट्यावर तेल घेऊन वाट्या भरून खायचो. काकू म्हणाल्या की आता गल्लीत तीन-चार घरांतच करतात, बाकी सगळे विकत घेतात.

आणि मग मांडे. याच्यासाठीच सगळं लिहितोय.

एका जुन्या घराच्या मागच्या अंगणात, चुलीवर खापर (मातीचं मोठं भांडं) पालथं घातलेलं. मावशी साठीच्या पुढच्या. गहू भिजवून, सुकवून, दळून, पीठ वस्त्रगाळ केलेलं. कणिक इतकी सैल की माझ्या हातात दिली तर बोटांतून खाली यायला लागली. त्यांनी दोन पाऱ्या घेतल्या, मधे पुरणाचा गोळा, कडा बंद केल्या, थोडं लाटलं आणि मग दोन्ही हातांवर घेतलं. हात कोपरापासून पुढे सरळ धरलेले आणि मांडा एका हातावरून दुसऱ्या हातावर, प्रत्येक फेरीला थोडा मोठा. बोटं कुठेच लागत नाहीत, सगळं मनगटावर आणि हाताच्या वरच्या बाजूवर. बघता बघता तो त्यांच्या खांद्याएवढा रुंद झाला आणि त्यातून मागची चूल दिसायला लागली, पुरण असूनसुद्धा! मग एका झटक्यात खापरावर. एकही सुरकुती नाही. एक मिनिटात उलटला आणि चौपदरी घडी करून पत्रावळीवर. आमच्यापैकी कोणी विचारलं हात भाजत नाही का, तर म्हणाल्या "सवय व्हई जास". आणि फोटो काढण्यात वेळ जातोय बघून म्हणाल्या, "गरम शे तवलोंग खाई ल्या", म्हणजे गरम आहे तोवर खाऊन घ्या.

सोबत दूध आणि तूप, आणि ज्यांना हवं त्यांना कटाची रश्शी. बायकोने दोन खाल्ले. मी अर्धा खाल्ला आणि मला पुढे जाईना, आईची आठवण आली, मग मावशींनीच पाठीवर हात ठेवला.

शेवटी नदीच्या बाजूला जाऊन भरीत आणि कळण्याच्या पुऱ्या. अंधार पडला होता, पांझरेपलीकडे एकवीरादेवीच्या बाजूचे दिवे दिसत होते. साडेतीन तास कसे गेले कळलं नाही.

माणशी ८०० रुपये घेतले. त्या मुलीने सांगितलं की मांडेवाल्या मावशी, बिबडेवाल्या काकू आणि पुऱ्या करणाऱ्या ताई यांना माणशी ठरलेले पैसे त्याच दिवशी हातात देतात. मला ते फार बरं वाटलं. आपलं खाणं हॉटेलात नाहीच, ते या बायांच्या हातात आहे, आणि लोकांनी ते त्यांच्या दारात जाऊन, पैसे देऊन खाल्लं तरच ते राहील असं मला मनापासून वाटतं.

तुमच्या गावात असं काही आहे का? जळगाव, अमळनेर, नंदुरबारवाल्यांनी लिहा.

दादरची_भाकरी

भाऊ वाचता वाचता तोंडाला पाणी सुटलं. दोन पाऱ्यांची पद्धत आमच्याकडे पण तशीच (शिरपूर). एक भर घालते, मांड्याच्या कणकेत लाटायच्या आधी मीठपाणी लावून आपटून आपटून घ्यायची असते, सासूबाई परातीत दहा-पंधरा मिनिटं आपटायच्या, त्याशिवाय तार येत नाही. नुसतं मैदा घालून करणारे लोक आहेत आता पण तो मांडा गार झाला की चामड्यासारखा होतो, खपली गव्हाचाही होत नाही, चांगला चिकाचा गहू लागतो. आणि खापर तापलं की नाही हे पाण्याचा शिपका मारून बघायचं.

भुसावळ_जंक्शन

फेरी छान आहे पण भरीत नदीकाठी कुठून आणलं? कारण भरीत म्हटलं की आमच्या बाजूचं नाव घ्यावंच लागेल, यावल तालुक्यातल्या बामणोदची वांगी. जळगावच्या भरीताच्या वांग्याला जीआय (भौगोलिक मानांकन) मिळालंय. हिरवट पांढरी, मोठी, बिया कमी, साल पातळ. जांभळ्या वांग्याचं भरीत मला भरीत वाटतच नाही हे स्पष्ट सांगतो.

आणि कशावर भाजलं होतं ते पण सांगा. गॅसवर असेल तर मग बोलायलाच नको.

पांझराकाठ

@भुसावळ_जंक्शन दादा, वांगी हिरवीच होती आणि तुमच्याच बाजूने येतात असं भरीतवाल्याने सांगितलं. थंडीत इथे पण भरीत किलोवर मिळतं ना, तशीच जागा होती. पऱ्हाट्यांच्या (कपाशीच्या वाळलेल्या काड्या) जाळावर भाजली. मिरच्या पण त्याच जाळात, मग लाकडी बडगीत आधी मिरची-लसूण आणि मग वांगं, मुसळीने ठेचून. फोडणीत शेंगदाणे, खोबऱ्याचे काप, वरून भरपूर कांद्याची पात. टोमॅटो नाही, कांदा परतून नाही.

@दादरची_भाकरी ताई मीठपाण्याचं त्या मावशींनी पण सांगितलं होतं, लिहायचं राहिलं.

भुसावळ_जंक्शन

पऱ्हाट्या असतील तर ठीक. तुराट्या (तुरीच्या काड्या) पण चालतात. मुद्दा हा की जाळ भगभगीत पाहिजे, वांगं लवकर भाजलं पाहिजे आणि साल काढताना पाण्याखाली धरायचं नाही. पाण्याने धुतलं की धूर गेला, मग उरलं काय.

आमच्याकडे हिवाळ्यात शेतात भरीत पार्ट्या असतात, चाळीस-पन्नास माणसं. कोणी बाहेरचं आलं तर त्याला तिथेच न्यायला पाहिजे, गावात फिरवण्यापेक्षा. केळीच्या बागेत बसून केळीच्याच पानावर. रावेर-यावलला बाग नसलेलं गाव दाखवा.

माहेर_अमळनेर

मला एक वेगळा अनुभव सांगायचाय. मागच्या वर्षी दुसऱ्या राज्यातल्या एका जुन्या शहरात आम्ही अशीच फूड वॉक घेतली होती, ऑनलाईन बुक करून, बऱ्यापैकी महाग. गाईड चांगला बोलायचा पण सगळे थांबे दुकानंच, आणि प्रत्येक दुकानात खाऊन झाल्यावर काहीतरी विकत घ्यायचा आग्रह. तिसऱ्या दुकानात आम्हाला कळलं की याचं कमिशन आहे. माझे सासरे सोबत होते, त्यांना साखर आहे, त्यांना आधी विचारलंच नाही आणि पाचपैकी चार गोष्टी गोड. ते बिचारे बाहेर बाकावर बसून राहिले. त्यामुळे असल्या फेऱ्यांवरचा विश्वासच उडाला होता.

हे वाचून परत जावंसं वाटतंय. पांझराकाठ दादा, तिथे आधी विचारतात का पथ्य वगैरे? आणि साडेतीन तास उभं राहायचं का? आई ६८ वर्षांची आहे, तिला न्यायचंय, तिला हे सगळं येतं पण कोणीतरी तिला आयतं वाढलेलं तिने कधी खाल्लेलंच नाही.

पांझराकाठ

ताई नक्की न्या. नाव देतानाच विचारतात, साखर, शेंगदाण्याची ऍलर्जी, उपास, तिखट किती झेपतं सगळं. आमच्यात एक काका साखरेचे होते, त्यांच्यासाठी मांड्याच्या जागी मावशींनी डुबुकवड्यांचा रस्सा ठेवला होता, आम्हाला पण चव मिळाली. उकळत्या रश्श्यात बेसनाचे गोळे हाताने सोडतात आणि डुबुक डुबुक आवाज येतो म्हणून ते नाव. चालणं एकूण दोन-अडीच किलोमीटर असेल, सपाट, आणि प्रत्येक ठिकाणी ओटा किंवा सतरंजी. फक्त आग्रा रोडवर गर्दी असते तेवढं सांभाळायचं.

प्रत्येक ठिकाणी थोडंच देतात हे महत्त्वाचं. बिबडा अर्धा, पुरी एक. नाहीतर मांड्यापर्यंत पोहोचताना भूकच उरत नाही.

गल्ली_नंबर_पाच

मी इथेच राहते. एक गोष्ट खटकते ती बोलते, राग मानू नका. लोकांच्या घरात, अंगणात शिरून त्यांच्या चुलीचे फोटो काढायचे हे मला बरोबर वाटत नाही. आमच्या आज्या-आया चुलीपुढे डोळे लाल होईपर्यंत बसल्या ते हौस म्हणून नाही. आज कोणी येऊन "किती अस्सल" म्हणतं तेव्हा मला त्रास होतो. मांडे करणाऱ्या बाईचे हात कसे असतात ते जवळून बघितलंय मी, डाग असतात कोपरापर्यंत.

पांझराकाठ

ताई राग कसला, तुम्ही बरोबर बोलताय. मीही फोटो काढले आणि नंतर मलाच वाटलं की आधी विचारायला पाहिजे होतं. गाईडने सांगितलं होतं की चेहऱ्याचे काढू नका, हातांचे काढले तर चालतील, पण आमच्यातल्या दोघांनी ऐकलं नाही. पुढच्या वेळी मोबाईल बाहेरच ठेवायला सांगा असं मी तिला कळवलंय.

सवयीचा_हात

गल्ली_नंबर_पाच ताई, मी मांडे करणाऱ्या आईची मुलगी आहे म्हणून लिहिते (त्या मावशी नाहीत, आमचं गाव वेगळं). आईने आम्हा तिघा भावंडांची शिक्षणं खापरावर केली. आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) ऑर्डरी घ्यायची, लग्नाच्या हंगामात पहाटे तीनला चूल पेटायची. तुम्ही म्हणता ते डाग तिच्याही हातावर आहेत. पण तिला सगळ्यात जास्त कशाचं वाईट वाटायचं माहिते का? लोक लग्नात मांडे खाऊन केटररचं कौतुक करायचे. ती मागे पत्र्याच्या शेडमध्ये असायची, तिला कोणी बघायचंच नाही. भाव पण नगावर, घासाघीस करून.

एकदा तिच्या समोर बसून कोणी गरम मांडा खाल्ला, तिला नाव विचारलं आणि पैसे तिच्याच हातात दिले तर तिला त्यात अपमान वाटणार नाही, मी खात्रीने सांगते. फक्त तिला विचारून, आणि तिच्या तब्येतीप्रमाणे. चुलीच्या धुराचं काहीतरी करा असं मात्र त्या फेरीवाल्या पोरांना सांगा, उंच धुराडं लावून द्या, नाहीतर तासाभराने मावशींचा श्वास कसा असतो ते बघा.

गल्ली_नंबर_पाच

हे मी असं बघितलंच नव्हतं. तुमच्या आईला नमस्कार सांगा. धुराचं खरंच बोलायला पाहिजे.

सातपुड्याची_सावली

नंदुरबारकडून हजेरी. आमच्याकडे अशी फेरी नाही पण व्हायला पाहिजे आणि ती मिरचीपासूनच सुरू व्हायला पाहिजे. हंगामात गावाबाहेर पथारीवर मिरची वाळत घालतात, लांबपर्यंत नुसती लाल जमीन, आणि वारा सुटला की रस्त्यावरून जाणारा माणूस पण शिंकतो. तिथून माणिक चौकात यायचं, जिथे ९ सप्टेंबर १९४२ ला शिरीषकुमार आणि त्याच्यासोबतची पोरं गोळीबारात गेली. आम्हाला शाळेतून दरवर्षी नेत. त्या बाजूच्या गल्ल्यांमध्ये अजून गुजराती फरसाण, फाफडा, आणि शेजारच्याच घरात ठेचा-भाकरी असं चालतं, कारण सुरत आम्हाला मुंबईपेक्षा जवळ.

आणि धडगाव-अक्कलकुव्याचं आमचूर विसरू नका. कैऱ्या सोलून, चिरून डोंगरावर वाळवतात. सगळं काम आदिवासी बाया करतात आणि बाजारात त्यांना मिळतं ते फार कमी. वर सवयीचा_हात ताईंनी लिहिलं तेच इथेही लागू आहे.

पुण्यात_खान्देशी

बाकी सगळं मस्त पण मटण कुठेय? खान्देशी काळा मसाला मटणाशिवाय अर्धाच. कांदा-खोबरं थेट निखाऱ्यावर काळं होईपर्यंत भाजून पाट्यावर वाटलेलं. फेरीत एक थांबा तो हवाच होता.

पांझराकाठ

विचारलं होतं भाऊ. ज्या घरांमध्ये जातो ती बरीचशी शाकाहारी आहेत म्हणून त्यांनी वेगळी फेरी ठेवलीय, संध्याकाळी उशिरा. मी अजून गेलो नाही, गेलो की लिहीन.

दादरची_भाकरी

काळ्या मसाल्याचं निघालंच आहे तर, पाटोडीचा रस्सा पण त्याच मसाल्याचा आणि तो शाकाहारी, तो ठेवायला सांगा त्यांना. वड्या बेसनाच्या, ताटात थापून कापायच्या. पाहुणे अचानक आले आणि घरात भाजी नसली की आमच्याकडे हेच व्हायचं.

आणि पुढच्या वेळी श्रावणात या कोणीतरी. नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई (खान्देशातली देवी) बसते तेव्हा धुळ्याच्या गल्ल्या बघा, घराघरांत रोट, भाऊबंद सगळे एकत्र. तो रोट मात्र विकत मिळत नाही आणि फेरीतही देऊ नये, तो कुळाचाच. पण सोमवारी विसर्जनाला सगळी गल्ली रस्त्यावर असते, ते बघायला कोणाची ना नाही.

माहेर_अमळनेर

आईला आज फोनवर हा सगळा धागा वाचून दाखवला. ती म्हणाली मी येते पण त्या मावशींच्या शेजारी बसून दोन मांडे मीही टाकून बघीन, हात विसरला की काय कळेल. १९८० च्या आसपास तिने शेवटचं खापर वापरलं होतं. असं करू देतील का?

पांझराकाठ

ताई मी आताच त्या मुलीला विचारलं. ती म्हणाली मावशींना खूप आवडेल, पुढची फेरी या महिन्याच्या शेवटच्या रविवारी आहे, तुमच्या आईंसाठी कणिक जरा जास्त भिजवायला सांगते. आणि धुराड्याचं मी बोललोय, मोजमाप घ्यायला मित्राला पाठवतेय म्हणाली, खर्च फेरीच्या पैशांतून.